उन्हाची वीज

रात्रपाळी बंद होणार ही बातमी निलेशला हात धुवायच्या नळावर कळली. सकाळचे सहा वाजून गेले होते. फाउंड्रीच्या पत्र्यावर पाऊस असा बदडत होता की शेजारच्याचं बोलणंसुद्धा ओठांवरून ओळखावं लागत होतं. निलेशने कोपरापर्यंत साबण चोळला होता आणि मनगटावरून काळं पाणी ओघळत होतं. तेवढ्यात पप्पू पळत आला. पप्पू म्हणजे त्याच्या चुलत्याचा मुलगा. दीड वर्षापूर्वी निलेशनेच त्याला इथं चिकटवला होता.

"दादा, समद्यांना थांबायला सांगितलंय. गौरव सायेब आलेत."

"एवढ्या सकाळी?"

गौरव सर कंपनीचे मॅनेजर. वय तिशीच्या आतबाहेर, चिंचवडहून मोटारीने यायचे. नऊच्या आधी ते कधी कुणाला दिसले नव्हते. आज मात्र ते भट्टीजवळच्या चौथऱ्यावर छत्री मिटून उभे होते आणि रात्रपाळीची बारा माणसं त्यांच्यापुढे घोळक्याने जमली होती.

"एक तारखेपासून भट्टी फक्त सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच चालेल," ते म्हणाले. "रात्री वीज स्वस्त होती म्हणून आपण रात्री वितळवत होतो. ती सवलत गेली. आता दिवसाची वीज स्वस्त, सोलरची. आणि पाच वाजले की दर एवढा चढतो की माल विकून तो निघत नाही. दोन ऑर्डरी आधीच गुजरातला गेल्यात. तिसरी गेली तर गेटला कुलूप."

मग मागून शिदू हळूच म्हणाला, "म्हंजे उन्हाची वीज म्हना."

"सायेब, पंधरा दिस झालं, ऊन बघितलं न्हाई आमी," भट्टीच्या बटणांच्या पॅनेलवर बसणारा स्वराज म्हणाला आणि सगळे हसले.

"इथं नाही. राजस्थानात आहे, मराठवाड्यात आहे. वीज तारेतून येते, ढगातून नाही," गौरव सरही जरा हसले. मग त्यांनी घसा साफ केला. "दुसरी गोष्ट. आठ तासांत जेवढं बसेल तेवढंच काम. प्रत्येक गँगमध्ये चार माणसं आहेत, ती तीन होतील. यादी शनिवारी लागेल."

हसू तिथंच विरलं. पत्र्यावरचा पाऊस परत ऐकू यायला लागला.

निलेश अकरा वर्षं रात्रपाळीला होता. रात्री लोखंड आणि दिवसा भात, असं त्याचं आयुष्य त्याने स्वतःच बसवलं होतं. सकाळी साडेसहाला घरी यायचं, चहा ढोसायचा, दोन-तीन तास शेतात काढायचे, दहा ते तीन झोपायचं, परत शेतात. दीड एकर इंद्रायणी, मागे चार गुंठे भाजी. डोळ्यांखाली काळी वर्तुळं आली होती, पण घरात तांदूळ विकत आणावा लागला नव्हता. आता एक तारखेपासून दिवस कंपनीचा झाला होता. आणि एक तारीख मंगळवारी येत होती. नेमकी भाताच्या लावणीच्या दिवशी.

गुरुवारी सकाळी पाळी सुटताना गौरव सरांनी त्याला केबिनमध्ये बोलावलं. निलेश उभाच राहिला. त्याच्या कपड्यांची काजळी खुर्चीला लागली असती.

"तुझ्या गँगमधला एक कमी करायचाय," गौरव सर म्हणाले. "स्वराजला हात लावता येत नाही, पॅनेल त्याच्याकडे आहे. तू राहणारच. उरले दोघं."

दोघं म्हणजे पप्पू आणि शिदू.

शिदू वरच्या ठाकरवाडीचा. निलेशपेक्षा पाच-सहा वर्षांनी मोठा, काटक, कमी बोलणारा. वितळलेलं लोखंड वाहायचं लेडल दोघांनी दोन बाजूंनी धरून न्यायचं असतं. गेली सात वर्षं त्या लेडलची एक बाजू निलेशच्या हातात होती आणि दुसरी शिदूच्या. शिदू अर्धा तास आधी यायचा, लेडलं बर्नरवर शेकून कोरडी करायचा, सळईने वाजवून बघायचा. ते कुणी त्याला सांगितलेलं काम नव्हतं. पप्पू साच्यांच्या चळतीमागे बसून मोबाइल बघायचा. हे निलेशला माहीत होतं. आणि दिवाळीनंतर पप्पूच्या लग्नाचं बघायचं होतं, पोरीकडचे पहिल्यांदा नोकरीच विचारणार होते, हेही त्याला माहीत होतं. चुलती परवाच घरी येऊन तसं बोलून गेली होती.

"मी बाहेरून बघतो, आतलं तुला माहीत," गौरव सर म्हणाले. "आठ तासांत सहा हीट काढायच्यात, म्हणजे सहा वेळा भट्टी भरून ओतायची. पळावं लागेल."

"शिदू कामाला चांगला हाय," निलेश म्हणाला.

"पण?"

तो 'पण' गौरव सरांचा होता. निलेशने नुसतं 'पन काय न्हाई' म्हटलं असतं तरी चाललं असतं.

"पायाचं जरा... गेल्या साली लोखंडाचा थेंब बुटात गेलता न्हवं? तवापास्नं डावा पाय वढतो थोडा. भरभर चालताना."

"हं," म्हणत गौरव सरांनी समोरच्या कागदावर काहीतरी लिहिलं. निलेशला अजून काही बोलायचं होतं. तेवढ्यात फोन वाजला, गौरव सरांनी हात वर केला आणि तो बाहेर आला. पायऱ्या उतरताना त्याला वाटलं, आपण खोटं तर काही बोललो नाही. शिदूचा पाय ओढतोच.

घरी पोचला तर त्याची बायको अनिता रोपांच्या वाफ्यावर उभी होती. साडीचा काष्टा खोचलेला, डोक्यावर प्लॅस्टिकचा कागद. "वीतभराच्या वर आलीत," ती म्हणाली. "सोमवारी चिखलणी आन मंगळवारी लावणी, आता पुढं ढकलायचं न्हाई. जून व्हतील रोपं."

"सोमवारी मला जायाचंय. मशिनरीची तपासणी हाय. मंगळवारपास्नं दिवसपाळी."

"रजा टाका की."

"पहिल्याच दिवशी रजा टाकली तर घरीच बसवतील."

ओट्यावर निलेशचे वडील, आबा, बसले होते. अंबाजीआबांचे दोन्ही गुडघे सुजलेले, पण डोळा शेतावर. "मंग टिलर कोन धरनार?" ते म्हणाले. "म्या?"

"शिदूदादा धरतील की," अनिता म्हणाली. "दर साली तेच असतात संगं. चिमाबाईला मी कालच सांगून आलीया, वाडीवरच्या आठ बाया येनार हायेत."

ती सावड जुनी होती. निलेशचा पॉवर टिलर ठाकरवाडीवर शिदूच्या दहा गुंठ्यांत फिरायचा आणि त्या बदल्यात शिदू, त्याची बायको चिमाबाई आणि तिच्या मेळातल्या बाया खाली येऊन निलेशची लावणी उरकायच्या. पैशाची भाषा त्यात कधी आली नव्हती. लावणीच्या दिवशी दुपारचं जेवण मात्र निलेशच्या घरचं, पोट फुटेस्तोवर.

"पन त्यांना रजा भेटंल का?" अनिताने विचारलं. "त्यांची बी पाळी दिवसाचीच असंल न्हवं?"

निलेशने चहाची बशी तोंडाला लावली. चहा केव्हाच गार झाला होता.

शनिवारी यादी लागली. शिदू सातवीपर्यंत शिकलेला. तो प्रत्येक नावाखाली बोट सरकवत खालपर्यंत गेला, मग परत वरून एकदा. बाकीचे बाजूला सरले. तो केबिनमध्ये गेला आणि पाच मिनिटांनी बाहेर आला. त्याने पेटी उघडून हातमोजे आणि टॉवेल काढला, बूट सुतळीने बांधले आणि नेहमीसारखा निलेशच्या मोटारसायकलवर मागे येऊन बसला.

पाऊस तिरपा येत होता. शिदूचा हात नेहमी निलेशच्या खांद्यावर असायचा, आज त्याने मागची दांडी धरली होती. वाडीच्या फाट्यावर तो उतरला. गाडी चालूच होती.

"भाऊ, एक इचारू?"

"इचार की."

"यादी करताना तुमाला इचारलं व्हतं का कुनी?"

निलेशने समोरच्या आरशावरचं पाणी अंगठ्याने पुसलं. "न्हाई," तो म्हणाला. "आमाला कोन इचारतंय."

शिदू त्याच्याकडे बघत राहिला. भुवयांवरून पाणी गळत होतं, ते त्याने पुसलं नाही. "बरं," तो म्हणाला. "मंग सोमवारी मी टिलर काढतो. रोपं थांबायची न्हाईत."

आणि डावा पाय जरासा ओढत तो चढणीला लागला.

सोमवारी निलेश कंपनीत भट्टीचं अस्तर तपासत होता, तेव्हा अनिताचा फोन आला. टिलरचा आवाज मागे ऐकू येत होता. "चार खाचरं झाली बघा," ती ओरडून म्हणाली. "आबा बांधावर बसलेत. शिदूदादा जेवायला बी थांबंनात, म्हंत्यात भाकरी खाऊन आलोय." निलेशने फोन ठेवला आणि छिन्नी परत हातात घेतली.

मंगळवारी सकाळी बरोबर नऊला भट्टी चालू झाली. रात्रीच्या थंडाव्यात लोखंड ओतायची अंगाला सवय. दिवसा पत्र्याखालची दमट हवा आणि त्यात भट्टीची आच, दोन हीटमध्येच बनियन पिळून काढावं लागलं. तिघांमध्ये चौघांचं काम. स्वराज पॅनेल सोडू शकत नव्हता, म्हणून लोखंडावरची मळी, स्लॅग काढणं, साचे लावणं, लेडल वाहणं सगळं निलेश आणि पप्पूवर. पप्पूला चाल सांभाळता येत नव्हती. तो मधेच भरभर चालायचा, मधेच अडखळायचा, आणि प्रत्येक वेळी लेडलमधलं लोखंड काठापर्यंत हिंदकळायचं.

"सावकाश रं! पानी न्हाई ते!"

"हात भाजतोय, दादा!"

बाराला गौरव सर येऊन गेले. दुपारी तीनला परत आले आणि मग गेलेच नाहीत. हातातल्या मोबाइलवर ते सारखी वेळ बघत होते. सहावी हीट अर्धा तास मागे पडली होती. जेवायची सुट्टी निम्मी केली, तरी वेळ भरून निघत नव्हता.

"साडेचारला टॅप करा, लोखंड काढून घ्या. पाचच्या आत भट्टी रिकामी पाहिजे," गौरव सर म्हणाले. "एक मिनिट वर गेलं तरी मीटर लिहितंय."

पाचव्या हीटला जुन्या लेडलचा तळ फुटला होता, म्हणून नुकतंच अस्तर लावलेलं दुसरं लेडल काढलं होतं. ते बर्नरवर दोन तास शेकायला हवं, नाहीतर अस्तरात राहिलेल्या ओलीची वाफ लोखंड उसळवते. पण गॅसही महाग झाला होता आणि बर्नर अर्धा तासच चालवायचा असा नवा नियम आला होता. तो अर्धा तास तरी चालवला का, हे कुणी बघितलं नव्हतं.

"सुकलंय का?" निलेशने विचारलं.

"सुकलंय, सुकलंय," पप्पू म्हणाला.

चार चाळीसला स्वराजने भट्टी कलती केली. पांढरंपिवळं लोखंड लेडलमध्ये पडलं आणि दोघांनी दांडे उचलले. सहा पावलं गेले असतील, तोच लेडलच्या तळातून गुडगुड ऐकू आली. एखादं पातेलं उकळी फुटताना करतं तसा आवाज.

"खाली ठेव! हळू, पप्पू, हळू—"

लोखंडाने एक मोठा बुडबुडा काढला आणि ठिणग्यांचं कारंजं वर उडालं. पप्पूने दांडा सोडला आणि पळाला.

लेडल एका बाजूने धाडकन जमिनीवर आदळलं. लोखंड वाळूवर लालभडक पसरत भिंतीकडे गेलं. तिथं पत्र्यातून गळालेलं पाणी साचलं होतं. पाण्याला लागताच फटफट स्फोट व्हायला लागले. निलेश मागे फेकला गेल्यासारखा पडला. उजव्या बाहीने पेट घेतला होता, ती त्याने वाळूत घासून विझवली. स्वराजने भट्टी झटक्यात सरळ केली आणि वरून ओरडत राहिला, "बाजूला! बाजूला!"

पाचेक मिनिटांनी सगळं शांत झालं. जमिनीवर लोखंडाची काळी पडत चाललेली साय उरली होती. निलेशच्या हाताला कोपराखाली भाजलं होतं, पण खोल नाही. गौरव सरांचा चेहरा पांढराफटक पडला होता. त्यांनी आधी घड्याळाकडे बघितलं आणि मग विचारलं, "कुणाला लागलं?"

पप्पू गेटजवळच्या बाकावर गुडघ्यात डोकं घालून बसला होता. निलेश जवळ गेला, तेव्हा त्याचे दात वाजत होते. "दादा, मी उद्यापास्नं यायचो न्हाई," तो म्हणाला. "आईला तुमीच सांगा. लगीन ऱ्हाऊ द्या न्हाई झालं तर."

निलेशच्या हाताला मलम लावता लावता गौरव सर म्हणाले, "लेडल सुकवायचं काम कुणाचं होतं?"

"शिदूचं."

"ते यादी करताना का नाही सांगितलंस?"

निलेशने जळालेली बाही वर सरकवली.

"उद्या नऊला मला माणूस पाहिजे. दोन दिवस भट्टी बंद राहिली तर ही ऑर्डरही गेली समज. त्याला परत बोलव. पाय ओढत असला तरी चालेल." मग जरा थांबून, "फोन नको. तूच जाऊन आण."

तो घरी पोचला तेव्हा सहा वाजून गेले होते, पण अजून उजेड होता. शेत लावून झालं होतं. आठही खाचरांत रोपं ओळीत, पाण्यात हिरवी टोकं थरथरत. एकही मूठ बांधावर उरली नव्हती. टिलर धुऊनपुसून गोठ्याच्या वळचणीला उभा होता. माणसं मात्र नव्हती.

अनिता चुलीपुढे बसली होती. तिच्या पायांना घोट्यापर्यंत चिखल तसाच. समोर कोंबडीच्या रश्श्याचं पातेलं, भाताचं तपेलं, भाकऱ्यांची चळत. सगळं तसंच्या तसं.

"जेवल्या न्हाईत कुनी," ती म्हणाली. "दुपारी समद्यांनी आपापल्या भाकरी सोडल्या बांधावर. आता म्हनलं, निदान आता तरी. चिमाबाई म्हनली, वैनी, पोट भरलंय. दिसभर वाकून काम आन पोट कशानं भरलं? काय झालंय?" मग तिला त्याचा हात दिसला. "आगं बाई! हे काय?"

निलेशने आधी हाताचं सांगितलं, मग पप्पूचं, आणि मग केबिनमधलं. सांगताना तो चुलीतल्या लाकडाकडे बघत होता.

"पप्पूचं नाव का न्हाई घेतलं?" तिने शेवटी विचारलं.

"चुलत्याचं पोरगं हाय."

"मी दिसभर त्या बाईच्या शेजारी चिखलात वाकले," अनिता म्हणाली. "खांद्याला खांदा लावून. तिला ठावं असनार समदं. आन मी तिला इचारत बसले, शिदूदादांना रजा भेटली का म्हनून." तिने पातेल्यावर झाकण टाकलं. "मला का न्हाई सांगितलं तुमी? मी आज कुठल्या तोंडानं जेवा म्हनत हुते तिला?"

आतून आबा खोकले. त्यांनी सगळं ऐकलं होतं, पण ते बाहेर आले नाहीत. रस्सा रात्री कुणीच फारसा खाल्ला नाही.

बुधवारी तांबडं फुटायच्या सुमाराला निलेश ठाकरवाडीची वाट चढला. मोटारसायकल फाट्यावर लावली होती, वर चिखलामुळे ती जात नव्हती. पाऊस उघडला होता, पण झाडांखालून चालताना अंग भिजतच होतं. शिदूचं घर वाडीच्या टोकाला, खाली त्याचं दहा गुंठ्यांचं खाचर. त्यात अजून नांगर फिरला नव्हता. तण गुडघ्याएवढं होतं.

चिमाबाई अंगणात भांडी घासत होती. निलेशला बघून ती उठली नाही, आत कुणाला हाकही मारली नाही. राखेचा हात तिने पातेल्यावरून फिरवला.

"पाय बगायला आलायसा व्हय?" ती म्हणाली. "आत हाय. बगा, वढतो का ते."

निलेश अंगणाच्या कडेला उभा राहिला. त्याला बस म्हणायला कुणी पुढे झालं नाही. शिदू दारात आला. अंगात बनियन, हातात बिडी, पण पेटवलेली नव्हती.

"काल लेडल फुटलं," निलेश म्हणाला. "पप्पूनं दांडा सोडला. गौरव सायेबांनी तुला बोलावलंय."

"हाताला लागलं?"

"थोडं."

शिदूने मान हलवली. मग म्हणाला, "शनिवारी मी केबिनात गेलतो. सायेबांनीच सांगितलं मला. म्हनले, निलेशच म्हनला पाय वढतो म्हनून. मानूस खरा हाय त्यो, लपवलं न्हाई." बिडी त्याने कानामागे खोचली. "म्हनून तुमाला फाट्यावर इचारलं, भाऊ. वाटलं, सांगतील."

निलेशने विचारलं, "मंग टिलर कशापाई काढलास?"

"सावड घेतली व्हती न्हवं. ती फेडली."

चिमाबाईने भांड्यांवर पाणी ओतलं. पाणी निलेशच्या पायांपर्यंत वाहत आलं, तो मागे सरकला नाही. आत पोरं उठल्याचा आवाज आला. शिदू थोडा वेळ खालच्या खाचराकडे बघत राहिला आणि मग आत गेला. बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात सुतळीने बांधलेले बूट होते.

"येतो मी," तो म्हणाला. "काम पायजेल मला. पन तुमी व्हा म्होरं. मी दुधाच्या गाडीनं येतो."

नऊला दहा मिनिटं असताना शिदू कंपनीत आला आणि थेट गौरव सरांसमोर उभा राहिला. निलेश तिथंच होता. शिदू इतकं सलग बोललेला त्याने पूर्वी कधी ऐकला नव्हता.

"सायेब, लेडल दोन तास शेकल्याबिगर मी दांडा उचलनार न्हाई. गॅस जळंल, जळू द्या. आन मी ओतायच्या बाजूला ऱ्हानार."

लेडलच्या एका टोकाला साधा दांडा असतो. दुसऱ्या टोकाला दोन मुठी, त्या फिरवल्या की लेडल कलतं. ज्याच्या हातात त्या मुठी, लोखंड त्याच्या ताब्यात. साधा दांडा धरणाऱ्याने नुसतं चालायचं आणि थांब म्हटलं की थांबायचं. सात वर्षं त्या मुठी निलेशच्या हातात होत्या.

गौरव सरांनी निलेशकडे बघितलं.

"धरू द्या त्याला," निलेश म्हणाला.

पहिली हीट अकरा वाजता निघाली, तासभर उशिरा. शिदूने लेडल तीन वेळा वाजवून बघितलं, वाकून आत डोकावलं आणि मग मान हलवली. स्वराजने भट्टी कलती केली. लोखंड भरलं. दोघांनी दांडे उचलले आणि चालायला लागले, पुढे निलेश, मागे शिदू. मागून आच पाठीला लागत होती. इतकी वर्षं निलेशने ती आच समोरून घेतली होती. पाठीवर ती वेगळीच वाटत होती, त्यात काय चाललंय ते दिसत नव्हतं. मागचा माणूस काय करतो आहे, त्याचे हात कुठं आहेत, हे फक्त दांड्यातून कळत होतं.

शिदूचा पाय ओढत होता. पण लेडल हललं नाही.

"शिदू," निलेश मान न वळवता म्हणाला. "चुकलं माझं."

चार पावलं गेली.

"शिदू—"

"पुढं बघा," शिदू म्हणाला. "लोखंड थंड व्हतंय."

साच्याशी ते थांबले. शिदूने मुठी फिरवल्या, लोखंड करंगळीएवढ्या धारेने तोंडात शिरलं, साचा काठोकाठ भरला, धार तुटली. एक थेंब बाहेर सांडला नाही. मग पुढचा साचा, त्याच्या पुढचा. जेवायच्या सुट्टीत शिदूने आपली भाकरी स्वराजजवळ बसून खाल्ली. त्या दिवशी चारच हीट झाल्या आणि पाचला पाच मिनिटं असताना स्वराजने पॅनेल बंद केलं. गौरव सरांनी आकडा वहीत उतरवून घेतला आणि ते फोन लावत केबिनमध्ये गेले.

निलेश गेटबाहेर पडला तेव्हा पाऊस परत सुरू झाला होता. रस्त्याच्या कडेला शिदू दुधाच्या गाडीची वाट बघत उभा होता, डोक्यावर कागद. निलेशने मोटारसायकल थांबवली आणि इंजिन बंद केलं.

"रविवारी टिलर आनतो वर," तो म्हणाला. "तुझं खाचर ऱ्हायलंय."

"आना."

"सकाळीच येतो."

"या. भाडं किती तासाला?"

निलेशला आधी कळलंच नाही. "भाडं कसलं? दर साली आपन—"

"दर सालचं झालं," शिदू म्हणाला. आवाज चढलेला नव्हता. "भाडं सांगा. न्हाईतर कामशेतला एक टिलरवाला हाय, त्याला सांगावा धाडतो."

लांबून दुधाच्या गाडीचा हॉर्न ऐकू आला. गावात दहा जणांना निलेशने टिलरचा दर सांगितला होता, हाटेलात चहा पिता पिता, बांधावरून ओरडून. त्यात विचार करण्यासारखं कधी काही नव्हतं. शिदू त्याच्याकडेच बघत उभा होता, दुसरीकडे बघायला तयार नव्हता.

"आठशे," निलेश म्हणाला.

"बरं."

गाडी येऊन थांबली. शिदूने बूट आधी आत टाकले, मग फाळक्याला धरून वर चढला. "सातला या," तो म्हणाला. "डिझेल भरून." आणि रिकाम्या कॅनांच्या मधे जागा करून बसला.